कल्याणच्या मॅचमध्ये मी मारलेलं ढेकूळ

मी ठाण्यातल्या नौपाड्याचा, माझा मावसभाऊ कल्याणचा. दोघेही कल्याण स्टेशनच्या मालधक्क्यावर कारकून. तो माझ्याहून दोन वर्षांनी लहान, अक्षर माझ्याहून वाईट, तरी माणसं जमायची ती त्याच्याच भोवती. त्यात रेल्वेच्या गोऱ्या ड्रायव्हरांनी संध्याकाळचा फुटबॉल सुरू केला. हा धोतराचा काचा मारून अनवाणीच त्यांच्यात घुसला आणि असा धावू लागला की साहेब त्याच्या पाठीवर थाप मारू लागले. माझ्या पाठीला साहेबाचा हात कधी लागला नव्हता.

एका रविवारी ठाण्याचे गोरे मॅच खेळायला आले. त्यांच्यामागे शिपाई, घोड्यांचे मोतद्दार आणि बरीच बघी मंडळी. आधीच्या मॅचला शिवीगाळीवरून डोकी फुटली होती, म्हणून या खेपेस दोन्हीकडचे लोक काठ्या घेऊनच आले होते. रेल्वेचा एक खेळाडू तापाने पडला, त्याच्या जागी भावाला घेतलं. त्याने गोल केला आणि मालधक्क्यावरचे सगळे हमाल त्याच्या नावाने ओरडू लागले. मी ठाणेकरांत उभा होतो. मला ते ऐकवेना. खाली वाकलो, हाताला आलं ते ढेकूळ उचललं आणि त्याच्या पाठीत हाणलं.

"ठाणेकरांनी मारलं रे!" हमाल ओरडले आणि दोन्ही बाजू मैदानात उतरल्या. काठ्या, दगड, चिखलात तुडवलेली पागोटी. पंचसाहेब शिट्टी फुंकत राहिला, ऐकतो कोण? एक काठी भावाच्या गुडघ्यावर बसली. तेव्हा मात्र मीच आत घुसलो आणि त्याला खांद्यावर टाकून बाहेर आणलं.

हाडवैद्याने पट्ट्या बांधल्या, पण पाय वाकडाच राहिला. त्याचा खेळ संपला. तरीही ड्रायव्हरसाहेब बिस्किटांचा डबा घेऊन समाचाराला आले. विटाळ नको म्हणून मावशीने डबा ओटीवरच ठेवला, पण साहेब स्वतः घरी आला हे आळीभर झालं. लंगडणाऱ्या माणसाचाही मला हेवा वाटला! आणि तो येणाऱ्याजाणाऱ्याला सांगत बसे, "दादाने वाचवलं मला."

अखेर एका दुपारी मला राहवलं नाही.

"ते ढेकूळ मी मारलं होतं."

"ठाऊक आहे. मी वळून पाहिलं होतं."

"मग बोलला का नाहीस?"

"तुझी नोकरी गेली असती, दादा."

मी त्याचे पाय धरायला हवे होते. मनात आलं ते एवढंच, की यातही हाच माझ्या पुढे गेला.