हातातली वीट

सरांनी माझ्या हातात वीट दिली. भाजलेली, एक कोपरा उडालेली. बाकीच्या मुलींच्या हातात डंबेल होते.

"हिला डंबेल कशाला? हिच्या घरी विटांचीच सवय," सर म्हणाले.

सगळ्या हसल्या. मीही थोडी हसले. त्या हसण्याची मला अजून लाज वाटते.

नेमबाजीत एअर पिस्तूल एका हाताने धरतात. म्हणून आधी वजन घेऊन हात सरळ करायचा, कोऱ्या भिंतीकडे बघत स्थिर ठेवायचा. मग पिस्तूल घ्यायचं, छर्रा न भरता. ट्रिगर इतका हळू दाबायचा की नळीवरची माशी, म्हणजे नेम धरायचा खुंट, जराही हलू नये. हे रोज.

मुरबाडच्या आमच्या क्लबचं पिस्तूल एकच. इतर मुलींकडे स्वतःचं होतं, त्यामुळे ते माझ्या वाट्याला यायचं. मग सईचं पिस्तूल दुरुस्तीला गेलं आणि क्लबचं तिला मिळालं. रेंजची जागा तिच्या वडिलांची. तिचं दुरुस्त होऊन आलं, तरी क्लबचं तिच्याच बॅगेत राहिलं. स्पेअर म्हणून.

"तू तोवर वीट चालू ठेव," सर म्हणाले. जिल्ह्याची निवड जवळ आली होती.

मी वीट पुन्हा उचलली. इंग्रजी शाळेत मी राखीव जागेवर शिकले. तिथे इंग्रजी आलं आणि गप्प बसणंही आलं.

आई-बाबा दिवाळीनंतर आसनगावच्या बाजूला वीटभट्टीवर जातात. रविवारी मी तिकडे गेले. वीट पिशवीतून सोबत नेली. भट्टीवर वीट घेऊन जाणारी मी पहिलीच असेन. झोपडीच्या कुडाला कोरा कागद लावला आणि हात सरळ केला.

शेजारची काकी ओरडली, "काय गो, शेठला मारतंस काय?"

बायका खदखदून हसल्या. आई हसली नाही. डोक्यावरची विटांची फळी उतरवून ती माझ्याजवळ आली.

"ही खयची?"

"क्लबमधली. सरांनी दिली. सराव आहे."

"सगल्या पोरींना दिली?"

मी मान खाली घातली.

आईने वीट माझ्या हातातून काढून घेतली. विटा वाहून तिचे हात आता स्थिर राहत नाहीत, चहाचा कपसुद्धा ती दोन्ही हातांनी धरते.

"इट तुज्या हातात येवाला नको म्हनून तुला त्या शालंत घातली गो. आनि तू आपल्या हातानं घेवन आलीस?"

एवढंच बोलून तिने वीट माझ्या पिशवीत टाकली. मग पुन्हा फळी घेऊन गेली. मी तिथेच उभी राहिले. इतके दिवस मी फक्त वजन धरत होते. हात स्थिर झाला होता, पण बोट ट्रिगर विसरलं होतं. आणि याला मी सराव म्हणत होते.

दुसऱ्या दिवशी मी वीट सरांच्या टेबलावर ठेवली.

"सर, मला पिस्तूल हवंय."

"निवड होऊ दे. जरा समजून घे."

"नाही."

माझा आवाज बारीक होता. पण सगळ्यांना ऐकू गेला. सईने बॅगेची चेन लावून घेतली. सर मोबाइलमध्ये बघू लागले.

मी माझ्या लेनवर गेले. रिकामा हात सरळ केला. कोणी हसलं नाही. कोणी पिस्तूलही दिलं नाही.

संघ जाहीर झाला. त्यात मी नाही. आईला फोनवर सांगितलं. मागे विटा रचल्याचा आवाज येत होता.

मी रोज रेंजवर जाते. टेबलावरची वीट तिथेच आहे. तिला मी हात लावणार नाही. लेनवर उभी राहते, हात पुढे करते आणि सर आले की तेच वाक्य म्हणते, मला पिस्तूल हवंय. पिस्तूल हातात पडेपर्यंत म्हणणार आहे. दरवेळी आधीपेक्षा मोठ्याने.