शेवटच्या अंकाचा जुळारी

लंडनहून लेस्टरच्या गाडीत बसतानाच मंजिरीने, माझ्या मुलीने, बजावले, "बाबा, तिथे आवाज चढवायचा नाही. हेलनबाई ऐंशीच्या आहेत."

"मीही सत्तरीला टेकलोय," मी म्हणालो.

इचलकरंजीत ज्या छापखान्यात मी झाडू मारला, तोच पुढे विकत घेतला. धंदा शिकवला आजोबांनी. एक अक्षर चुकले की बोटांवर पट्टी बसायची. युद्धकाळात ते रंगूनला एका इंग्रजी वर्तमानपत्रात जुळारी (शिशाची अक्षरे जुळवणारा) होते. जपानी फौजा जवळ आल्या, तेव्हा शेवटचा एकपानी अंक त्यांनी जुळवला आणि मगच ते पायी हिंदुस्थानकडे निघाले. पण त्या पत्राच्या इतिहासात छापले आहे : 'देशी नोकर पळून गेले, शेवटचा अंक संपादकांनी एकट्याने जुळवला.' पळून गेले! हे वाक्य मला वर्षानुवर्षे सलत होते. आता संपादकाची नात, हेलनबाई, पुस्तकाची नवी आवृत्ती काढत होत्या. वाक्य बदलून घ्यायचे, एवढ्यासाठीच मी आलो होतो.

लेस्टरला बेलग्रेव्ह रोडवर गरम भजी खाल्ली, बाईंसाठी पेढे घेतले. "काका, इथे भाव ठरलेला असतो," दुकानदार हसून म्हणाला. तरी वर दोन पेढे घालून घेतलेच. पुढे बसने, दोन्ही बाजूंना पिवळ्या फुलांची शेते बघत, बाईंच्या गावी पोहोचलो.

त्यांनी चहा आणि स्कोन (जाडसर गोड पाव) समोर ठेवले. मग विचारले, "तुमच्या आजोबांना इंग्रजी येत होतं?"

"नाही."

"मग त्यांनी अंक कसा जुळवला?"

माझे डोके सणकले. "वाचून नाही, बघून! संपादकाचा कागद समोर ठेवून अक्षराला अक्षर लावत. दाखवा तो अंक."

पिवळा पडलेला कागद टेबलावर आला. मी घरून आणलेले भिंग काढले. दुसऱ्या रकान्यात, पूल उडवल्याच्या बातमीच्या मधोमध, इंग्रजीत छापले होते : 'धोंडू, पुढची ओळ मोठ्या टायपात घे.' पुढची ओळ अर्थातच बारीक टायपात होती. संपादकाने घाईत इंग्रजीतच लिहिलेली सूचनाही आजोबांनी बातमी म्हणून जुळवली होती.

"धोंडू म्हणजे माझे आजोबा. संपादक एकटे होते, तर ही सूचना कुणाला?" मी टेबलावर हात आपटला. चहा सांडला.

"बाबा!" मंजिरी ओरडली.

बाई भिंगातून कितीतरी वेळ बघत राहिल्या. "ते वाक्य माझ्या वडिलांनी लिहिलं," त्या हळूच म्हणाल्या. "'नोकरांच्या मदतीने' असं करू?"

"मदत नाही. नाव हवं."

"संपादकांनी लिहिला, धोंडू यांनी जुळवला?"

"आडनावासकट. आणि 'पळून गेले' काढा."

"तुम्ही फार चिवट आहात," बाई म्हणाल्या आणि पुस्तकातले वाक्य पेन्सिलीने खोडून त्यांनी नवे लिहिले. आडनावाचे स्पेलिंग मी दोनदा तपासले. मग त्यांनी पेढा खाल्ला, दुसराही मागितला.

घरी परतल्यावर महिन्याभरात बाईंचे प्रूफ आले. नव्या वाक्यासमोर त्या अंकाचे चित्र होते. पण बाईंनी सौजन्य म्हणून त्यातली सूचनेची ओळ पुसून टाकली होती. आजोबांची चूक जगाला कशाला दाखवायची, असे सोबत लिहिले होते.

चाळीस वर्षांत माझ्या छापखान्यातून चूक कधी बाहेर जाऊ दिली नाही. बाईंना उत्तर लिहिले, "चूक होती तिथे परत घाला. सही आहे ती त्यांची."