जर्मन सिनेमातला मोरेश्वर

बोरगावच्या मोरेश्वरनं बत्तीस वर्षं हेडमास्तरांच्या खोलीबाहेर स्टुलावर बसून शिपायाची नोकरी केली आणि न हलता बसायची ही कला थेट जर्मनीत पोचली. संत्र्याच्या बागा पाहायला आलेल्या हेल्गाबाईंना त्यांच्या प्रायोगिक सिनेमासाठी असाच माणूस हवा होता. पहिल्या सिनेमात त्यानं अठरा मिनिटं एकच संत्रं सोललं. दुसऱ्यात तिगाव स्टेशनावर गाडीची वाट पाहिली. गाडी आली तर हा चढलाच नाही. तिसऱ्यात नुसती पाठ. "पाठीनं काम बरं केलं," एवढंच त्याची बायको रजनी म्हणाली. गावानं तर 'मुका हिरो' असं नावच पाडलं.

म्हणून चौथ्या सिनेमात त्याला एक वाक्य मिळालं, तेव्हा मोरेश्वर हरखून गेला. 'मी इथंच आहो.' बस. पंधरा दिवस तो ते बकरीला ऐकवत होता. रजनीला मात्र सिनेमातच ऐकवायचं, असं ठरलं होतं.

शूटिंग त्याच्याच दारात. नऊ मिनिटं समोर पाहायचं, मग वाक्य. ऊन कलत आलेलं, बाईंचं विमान दुसऱ्या दिवशी. म्हणजे संधी एकच. आठव्या मिनिटाला रस्त्यानं सायकल आली. सायकलवर लोधीखेड्याचे नत्थूजी, त्याच्या मोठ्या बहिणीचे यजमान. घरचा जावई दारावरून जातो आणि साळा ठोंब्यासारखा बसून राहतो, हे जर्मनीत चालत असेल. इथं बहिणीनं जन्मभर ऐकवलं असतं. मोरेश्वर उभाच राहिला.

"भाऊजी, चहा न घेताच चालले?"

"बाजारातून येतो ना, मंग घेतो," म्हणत नत्थूजी गेले. पाठोपाठ ऊनही गेलं.

तीन महिन्यांनी सिनेमा मोबाइलवर आला. हेल्गाबाईंनी तो नत्थूजींच्या पाठमोऱ्या सायकलीवरच संपवला होता. वाक्याचा पत्ता नाही. तिकडे नत्थूजी, आपण जर्मन सिनेमात काम करून राहिलो, असं लोधीखेडाभर सांगत होते.

रजनीनं शेवट पुन्हा लावला. मग मोबाइल कानाशी धरला. सायकल दूर जाताना घरातून कपबशांचा आवाज येत होता. भाऊजींना मारलेली हाक ऐकून तिनं आत चहा मांडला होता.

"हे मीच होय ना?" ती म्हणाली. "मी आतच होती."

मोरेश्वरनं आपलं वाक्य गिळलं आणि आवाज वाढवून तिला शेवट तिसऱ्यांदा लावून दिला.