बेटावरची पंगत

उंदीर मारण्यात लियाकतचा हात धरणारा अबुधाबीच्या अख्ख्या मुसफ्फा वसाहतीत नव्हता. दापोलीकडचा माणूस, पेस्ट कंट्रोलमध्येच केस पांढरे झालेले. अबुधाबीसमोरच्या एका बेटावर हॉटेलचं काम निघालं, सामानाच्या बोटींतून काळे उंदीर उतरले आणि त्यांनी उच्छाद मांडला, तेव्हा साहेबानं यालाच पाठवलं. "सगळे खलास पाहिजेत, लियाकतभाई."

तिथं आणखी एक जीव होता. अंगठ्याएवढा, वाळूच्या रंगाचा, शेपटीला गोंडा. दुपारी झुडपाखाली लियाकत डबा उघडी, कामगारांच्या कॅम्पात स्वतः थापलेली तांदळाची भाकरी काढी, की ही पिटुकली मंडळी खुशाल समोर येऊन बसत. माणसाची भीती कशी ती नाहीच. तोही येडा, तुकडे मोडून घाली. "या, जेवायला या," म्हणे. वर्षानुवर्षं एकट्यानं जेवणाऱ्याला तेवढीच पंगत.

काळे मात्र महाबेरकी. कंपनीच्या विषारी निळ्या वड्यांना तोंड लावीनात. साहेबाचे फोनवर फोन. शेवटी लियाकतनं गावाकडची युक्ती काढली. भाकऱ्या भाजल्या, तुकड्यांना विष चोळलं, वर सुकट कुस्करली आणि बेटभर टाकले. गोंडेवाल्यांचा विचार त्याच्या मनाला शिवलासुद्धा नाही. ते थोडेच उंदीर होते! ते त्याचे जेवणकरी होते.

काम फत्ते झालं. साहेबानं पाठ थोपटली. पण दुपारी डबा उघडला, तर समोर कुणीच आलं नाही.

त्याच आठवड्यात प्राण्यांचा अभ्यास करणाऱ्या सुमेधा मॅडम बेटावर आल्या. त्यांच्या मोबाइलवर गोंडेवाल्याचा फोटो होता. "हा उंदीर जगात फक्त इथंच आहे. पाहिलात कुठं?"

लियाकतनं सगळं सांगून टाकलं. मॅडम रागावल्या नाहीत. "एक जोडी जरी सापडली तरी..." एवढंच म्हणाल्या.

मग पिंजरे लागले, कॅमेरे लागले. रोज सकाळी रिकामे. गावी फोन केला तर बायको बदरुन्निसा म्हणाली, "अहो, उंदीर मारायलाच तर ठेवलंय तुम्हाला. रडताय कशाला?" त्यानं फोन ठेवला आणि पुन्हा पिंजरे बघायला गेला.

शेवटच्या दिवशी मॅडम पिंजरे उचलून बोटीत ठेवू लागल्या. लियाकत त्याच झुडपाखाली उकिडवा बसला. भाकरीचा तुकडा त्यानं आधी स्वतः खाल्ला. उरलेला तळहातावर घेऊन हात वाळूवर टेकवला.

"या रे," तो म्हणाला, "बघा, मीपण खाल्ली. आज काही नाही तिच्यात."

बोटीवाल्यानं हाक मारली. हात तसाच होता, त्यावर मुंग्या चढल्या होत्या.