कराडची खोली

नवरा फौजेत होता तेव्हा बावीस वर्षं मी एकटीनं ऊस लावला, पाणी पाजलं, तोडणीच्या टोळ्यांशी भांडले. त्या काळात गावात कुणाला माझी काळजी वाटली नाही. तो पेन्शनीवर घरी आला आणि वर्षाच्या आत, मला न विचारता, सगळं रान धाकट्या भावाला कसायला देऊन मोकळा झाला. "बाईमाणसानं आता रानात कशाला जायचं," म्हणाला, उपकार केल्यासारखा. मी दोन पिशव्या भरल्या, कराडला आले, मुलींच्या वसतिगृहाच्या मेसमध्ये पोळ्या लाटायला लागले आणि जवळच एक खोली घेतली.

मग मात्र सगळ्यांना कळवळा फुटला. आठवड्याच्या आत दीर, जाऊ आणि चुलतसासरे आले. माझ्या एकुलत्या एका खाटेवर तिघं दाटीवाटीनं बसले.

"वहिनी, एकट्या कशा ऱ्हाणार तुमी?" दीर म्हणाला.

"बावीस वर्सं ऱ्हायले तशी."

"तवाची गोष्ट येगळी. तवा दादाचं नाव हुतं की पाठीशी."

नाव म्हणे. नावानं कधी रातीला उसाच्या पाण्याची दारं धरली नव्हती. मी विचारलं, "माझ्या रानाला शेवटचं पाणी कवा पाजलंसा?" त्यानं बायकोकडं बघितलं. ती कपातल्या चहाकडं बघत बसली.

ते गेले, आणि खोली खायला उठली. हे त्यांना कधीच सांगितलं नाही, सांगणारही नाही. गावात एकटी होते, पण हाताला काम होतं. इथं दुपारनंतर नुसत्या भिंती. रविवारी मी एसटी स्टँडवर जाऊन बसायची, कुठं जायचं नसताना. माणसांचा आवाज ऐकायला. माझीच मला कीव यायची.

एकदा कंडक्टरनं विचारलं, "आवं मावशी, कुठं जायाचं?" लाजेकाजेनं तोंडातून निघालं, "शिराळा." मग चढावंच लागलं.

शिराळ्यात माझं कुणी नव्हतं. स्टँडसमोरच्या हॉटेलात शिरले. मालकानं माझ्यामागं बघत विचारलं, "एकट्याच?"

"व्हय," म्हटलं. "दोन प्लेट भजी द्या."

दोन्ही मीच संपवल्या. येताना खिडकीशी बसून लय दिवसांनी डोळा लागला, तो थेट कराडातच उघडला. पुढच्या रविवारी मेढ्याला गेले.