घराचा महिन्याचा भाव

तुम्ही मला एक सांगा, घर बांधायला काढल्यावर माणसाने विश्वास ठेवायचा कोणावर? गवंडी म्हणतो दिवाळीत गृहप्रवेश. कोणती दिवाळी ते सांगत नाही. सुतार म्हणतो लाकूड सागवानी आहे. कुठवर सागवानी ते सांगत नाही. आणि कर्ज देणाऱ्या संस्थेतला साहेब म्हणतो, हप्ता अगदी हलका बसेल. तिघांपैकी खोटं कोणीच बोलत नाही. अर्धं बोलतात.

माझं जळगावात हार्डवेअरचं दुकान. बिजागऱ्या, कडी-कोयंडे, खिळे, रंग. शिक्षण सातवीपर्यंत, पुढचं सगळं काउंटरवर झालं. ज्याचं घर उभं राहत असतं तो आमच्याकडे येतो आणि बिल होईपर्यंत घराची गोष्ट सांगतो. त्यामुळे असे किस्से आमच्याकडे सुट्या स्क्रूंसारखे साठत जातात. कोणता कोणत्या पाकिटातला ते आठवत नाही, आणि टाकून द्यायचंही मन होत नाही. आज सांगतो ते मात्र परक्या गिऱ्हाइकांचे नाहीत. आम्हा तिघांचे आहेत.

तिघं म्हणजे एसटीच्या वर्कशॉपातले प्रल्हाद नाना, गणित शिकवणारे बोरसे सर, आणि मी. ब्याऐंशी साली आम्ही शेजारी-शेजारी प्लॉट घेतले, एकाच संस्थेकडे कागद गहाण ठेवले आणि ऐंशी-ऐंशी हजार काढले. मुदत पंधरा वर्षं, व्याज चौदा टक्के, हप्ता एक हजार पंच्याऐंशी रुपये.

बिजागरी घ्यायची झाली तर मी पेटीचा भाव विचारतो, ट्रकभाडं धरून की वेगळं ते विचारतो, गंजलेली निघाली तर परत घेणार का तेही विचारतो. घर घेताना मात्र महिन्याचा भाव विचारला आणि सही केली!

*

सही करायच्या आठवडाभर आधीची गोष्ट. नाना माझ्या दुकानात बसलेले असताना एका खासगी फायनान्सचा एजंट आला. चौदा टक्के कशाला देता, आमच्याकडे अकरा टक्के फ्लॅट, म्हणाला.

नाना मूळचे असोद्याचे. तिथल्या बोलीतच त्यांनी त्याला उडवलं. "मले फ्लॅटचा भाव कायले सांगता? माह्यं त घर हाये. घराचा भाव सांगा."

त्या काळी जळगावात फ्लॅट म्हणजे नवीनच प्रकरण होतं. एजंट समजावू लागला की फ्लॅट म्हणजे तो फ्लॅट नव्हे. नाना म्हणाले, फ्लॅट तो फ्लॅटच, खाली जमीन आपली नसते, आपल्याला नको. अर्धा तास झाला. शेवटी एजंट माझ्याकडे बघून, "शेठ, तुम्ही तरी सांगा," एवढं म्हणाला आणि गेला.

तो गेल्यावर मी बिलाच्या पाठीमागे आकडे मांडले. फ्लॅट म्हणजे कर्ज फिटत आलं तरी व्याज पहिल्या दिवसाच्या पूर्ण ऐंशी हजारांवरच, शेवटपर्यंत. अकरा टक्क्यांनी पंधरा वर्षांचे दोन लाख बारा हजार होत होते. चौदा टक्केवाल्यांकडे व्याज उरलेल्या रकमेवर. तिथे हप्त्याला एकशे ऐंशी महिन्यांनी गुणलं तर एक लाख पंच्याण्णव हजार तीनशे. म्हणजे अकरापेक्षा चौदा स्वस्त! सोळा हजार सातशे रुपये नानांनी एका शब्दाचा अर्थ न कळल्यामुळे वाचवले. कळणाऱ्यांपैकी कितीतरी जण तिकडे जाऊन फसले.

पण माझी नजर दुसऱ्याच आकड्यावर अडकली होती. ऐंशी हजारांचे एक लाख पंच्याण्णव हजार. तो कागद मी घडी घालून खिशात ठेवला. घरी विमलने, म्हणजे माझ्या बायकोने, सरळ विचारलं, सगळे मिळून किती भरायचे? मी म्हणालो, महिन्याला हजार-पंच्याऐंशी.

*

बोरसे सरांनी तेवढंही केलं नव्हतं. पंचवीस वर्षं फळ्यावर चक्रवाढ व्याज शिकवलेला माणूस. त्यांना मी म्हणालो, सर, तुम्ही तरी गुणाकार करायला हवा होता.

सरांनी चष्मा पुसला. मग म्हणाले, "पुस्तकातला रामराव तीन वर्षांच्या वर कधी कर्ज घेत नाही हो. आणि उत्तर आलं की आम्ही त्याला पुसून टाकतो."

*

वर्ष झालं. तिघांची घरं उभी राहिली, आम्ही राहायलाही गेलो. मी बारा हप्ते एकही न चुकवता भरले होते. तेरा हजार वीस रुपये. आता सदुसष्ट हजारांच्या आसपास राहिले असतील अशा हिशोबाने मी संस्थेत गेलो. कारकुनाने खातं काढलं आणि चिठ्ठीवर लिहून दिलं: बाकी अठ्ठ्याहत्तर हजार एकशे ऐंशी.

मी म्हणालो, आकडा चुकलाय.

तो शांत माणूस होता. त्याने पेन्सिलने मांडून दाखवलं. वर्षाचं व्याज अकरा हजार दोनशे, ते आधी कापलं. उरले अठराशे वीस, तेवढे मुद्दलातून गेले. "पहिली काही वर्षं असंच असतं, भाऊ," तो म्हणाला. "दरवाजा तुमचा झाला असेल. फार तर उंबराही."

ती चिठ्ठी विमलला सापडली. शर्ट धुवायला काढताना तिने दोन्ही कागद काढले, हाही आणि जुना घडीचाही. भांडली नाही. जेवण झाल्यावर दोन्ही कागद माझ्यासमोर ठेवून म्हणाली की मला गुणाकार येतो, तुम्ही उगीच लपवलंत. मग मला म्हणाली, जास्तीचे पैसे भरले तर काय होतं ते मांडा.

मांडलं. दर वर्षी दहा हजार जास्तीचे भरले तर उरलेली चौदा वर्षं पाचावर येत होती. मी चारदा ताळा केला. पाचच. पण दहा हजार आणायचे कुठून? एका दुकानात दोघांचं पोट भरत होतं, दोन मुलं शिकत होती, हप्ता जात होता. त्यावर काही निघत नव्हतं.

त्याच सुमाराला धुळ्याला, देवपूरला, एक चालतं दुकान भाड्याने मिळत होतं. नदीपलीकडे नवी घरं होत होती, माल खपला असता. ठरलं की जळगावचं काउंटर विमल सांभाळेल आणि मी धुळ्याला राहीन. शनिवारच्या संध्याकाळच्या गाडीने यायचं, सोमवारी पहाटेच्या गाडीने जायचं.

विमल म्हणाली, "पाच वर्षं. सहावं मी धरणार नाही. कागद सोडवा आणि घरी राहायला या."

मी हो म्हणालो. तिला काउंटरवरचं काही येत नव्हतं तेव्हा. अडीच इंची आणि तीन इंची खिळा ती बोट लावून मोजायची.

*

देवपूरच्या खोलीचं भाडं दीडशे रुपये. खोलीत एक खिडकी, एक स्टोव्ह, आणि भिंतीवर आधीच्या भाडेकरूने ठोकलेला एक खिळा, ज्यावर मी शर्ट अडकवायचो. घरमालकीणबाई म्हाताऱ्या, सगळे त्यांना अक्का म्हणायचे. पहिल्याच महिन्याचं भाडं द्यायला गेलो तर त्यांनी चौकशी केली. घर कोठलं, कोण कोण असतं, घर स्वतःचं की भाड्याचं. मी म्हणालो, स्वतःचं, सहा खोल्यांचं, नवं कोरं.

अक्कांनी नोटा मोजायच्या थांबवल्या. "सहा खोल्यासनं घर शे, मंग आठे एका खोलीमा काय करी राह्यनात, भाऊ?"

मी म्हणालो, इथे एका खोलीत राहून त्या सहा खोल्यांचे पैसे फेडतोय.

त्यांना ते काही पटलं नाही. पुढे दर महिन्याला भाडं घेताना त्या तोच प्रश्न विचारायच्या, आणि दर महिन्याला मी तेच उत्तर द्यायचो. संध्याकाळी दुकान बंद केल्यावर खरं बोलणं असं माझं तेवढंच असायचं.

*

नाना इकडे जळगावातच होते. त्यांनाही आमचं बघून लवकर फेडायची ओढ लागली. पाच हजार साठवले. मार्चच्या मधेच रक्कम तयार होती, पण नानांच्या मंडळींनी सांगितलं की एवढी मोठी रक्कम अशी तशी देऊ नये, पाडवा आठ-पंधरा दिवसांवर आलाय. पाडव्याला नोटांना हळद-कुंकू लावलं, दुसऱ्या दिवशी सकाळी नाना नवी टोपी घालून संस्थेत गेले.

तो एप्रिल महिना होता. आमच्या संस्थेत मुद्दल वर्षातून एकदाच कमी धरायचे, एकतीस मार्चला. एप्रिलमध्ये भरलेले पैसे पुढच्या मार्चपर्यंत नुसते पडून. पाच हजारांचं वर्षाचं व्याज सातशे रुपये, ते नानांच्या डोक्यावर तसंच राहिलं.

रविवारी मी गेलो तेव्हा नाना ओट्यावर बसले होते. मी त्यांना सगळं समजावलं. त्यांनी ऐकून घेतलं आणि घरात आवाज दिला, "अवं, हळद-कुंकू सातशेचं पडलं बरं!"

*

पाच वर्षं झाली. कर्ज संपलं नव्हतं. दहा हजार कधी जमले, कधी चार. एका वर्षी मुलीचं लग्न, दोन वर्षं मुलाची कॉलेजची फी, एकदा धुळ्यात पाणी शिरून सिमेंटच्या पोत्यांचे दगड झाले. सहावं वर्ष विमलने धरलं नाही, मी मात्र धुळ्यालाच राहिलो. रविवारी जेवताना ती मला दुकानातलं सांगायची. कोणत्या कंपनीचा रंग फाटतो, कोणता गवंडी कमिशन मागतो. मी ऐकायचो. मला सांगण्यासारखं काही नसायचं, अक्कांच्या प्रश्नाशिवाय.

सातव्या वर्षी एका शनिवारी गाडी उशिरा पोचली. मी पिशवी घेऊन कॉलनीत शिरलो, चालत गेलो. मागून नानांचा आवाज आला, "शेठ, कुठे निघाले? तुमचं घर मागे राहिलं!"

वळून बघितलं. पिवळ्याचं फिकट हिरवं झालेलं. विमलने आठवड्यात घराला रंग देऊन घेतला होता. चांगला बसला होता. रंग आपल्याच दुकानातला होता.

*

नववं वर्ष संपता संपता कर्ज फिटलं. मार्चमध्ये, एकतीसच्या आत. सगळं मिळून दीड लाखाच्या आसपास गेले, म्हणजे पंचेचाळीस हजार वाचले. त्यातून देवपूरच्या खोलीचं भाडं वजा केलं तर सोळा हजार दोनशे जातात. दर आठवड्याचं गाडीभाडं मी कधी लिहून ठेवलं नाही.

धुळ्याचं दुकान मी आधीच दुसऱ्याला देऊन टाकलं होतं. अक्कांना किल्ली दिली, शेवटचं भाडं दिलं. त्या वेळी त्यांनी काही विचारलं नाही. सकाळच्या गाडीने जळगावला आलो आणि स्टँडवरून थेट संस्थेत गेलो. कारकून आता दुसरा होता. त्याने गहाणाचे कागद सोडवून हातात दिले, शिक्का मारला, सही घेतली. दहा मिनिटांचं काम.

कागद काखेत धरून मी दुकानावर गेलो. विमलला काही कळवलं नव्हतं. दुपारचे बारा वाजले होते, काउंटरवर चांगली गर्दी. दोन गवंडी, एक सुतार, एक नवरा-बायको नळाच्या तोट्या बघत होते. विमलने चष्मा लावला होता. चष्मा तिला केव्हा लागला ते मला आठवत होतं, पण कामात लावलेला मी पहिल्यांदाच बघत होतो. ती बिल लिहीत होती. तोंडाने सुताराला सांगत होती की तीन इंची नको, लाकूड फाटेल, अडीच इंची घ्या.

मी काउंटरजवळ उभा राहिलो. सावली पडली तशी ती मान वर न करता म्हणाली, "बसा भाऊ, पाच मिनिटं. एवढं बिल करते."

मी बाकावर बसलो. शेजारच्या गवंड्याने सरकून जागा दिली. सुतार गेला, गवंडी गेले, नवरा-बायकोने दोन तोट्या घेऊन एक परत केली. पाचाची वीस मिनिटं झाली. मग तिने पेन ठेवलं आणि "हं, बोला, काय देऊ?" म्हणत वर बघितलं.

बघतच राहिली. मग चष्मा काढला.

"आज तर मंगळवार आहे," विमल म्हणाली.

मी कागद काउंटरवर ठेवले.

तुम्हीही कधीतरी घरासाठी कर्ज काढाल. काढा. पण हिशोबाची वही ठेवा, आणि जे जे जाईल ते सगळं तिच्यात खरं लिहा. एवढं माझं ऐका.