वहिनीचं क्वार्टर

वहिनी गेली त्याला आता दीड महिना होईल. पुण्यानुमोदनाला आलेली माणसं आपापल्या गावी परतली, दादाच्या घरातली जास्तीची अंथरुणं शेजाऱ्यांची शेजाऱ्यांना गेली, आणि आता कुठे तिच्याबद्दल काही लिहावं असं वाटतंय. भाच्याचा फोन आला तेव्हा मी डबा भरत होते. "आत्या, आई गेली गं," एवढंच तो बोलला. आणि खरं सांगते, त्या क्षणी डोळ्यांपुढे साठीला टेकलेली, गुडघे धरून जिना उतरणारी वहिनी आलीच नाही. आली ती भाईंदरला गोडदेवच्या पत्र्याच्या खोलीत भिंतीला पाठ लावून चमचे पुसत बसलेली विशीतली सुनंदा...

त्या खोलीत आम्ही पाच माणसं, असं रेशनकार्डावर होतं. प्रत्यक्षात चार, कारण पाचवा माझा दादा फौजेत. बाबा भाईंदरमध्येच स्टीलच्या भांड्यांच्या कारखान्यात पॉलिशच्या चाकावर होते. चाकाची काळी पूड वर्षानुवर्षं छातीत गेली आणि एक दिवस मालकाने सांगितलं, उद्यापासून येऊ नका. आई बिल्डिंगींमध्ये धुणीभांडी करायची. खोली भाड्याची, अकरा महिने झाले की मालक दारात उभा. भाडं वाढवा नाहीतर जागा बघा. टमरेलापासून पाटा-वरवंट्यापर्यंत सगळं डोक्यावर घेऊन आम्ही गोडदेवातल्या गोडदेवात तीनदा घरं बदलली. आमचं मूळ गाव खेड तालुक्यातलं. पलटणीत जायची आमच्याकडे आजोबांपासूनची रीत, पण पलटणीत पगार किती मिळतो हे विचारायची रीत नव्हती. महिन्याला मनिऑर्डर यायची, आईच्या नावाने. पोस्टमन अंगठ्याला शाई लावायचा, आई अंगठा उठवायची, झालं.

सत्त्याऐंशी सालच्या आसपास दादाचं लग्न झालं. हळद उतरते न उतरते तोच त्याची सुट्टी संपली, तो बर्फाळ मुलखातल्या चौकीवर गेला आणि वहिनी आमच्यात राहिली. सासऱ्याचा दिवसरात्र खोकला, सासूची धुसफूस, नणंद म्हणजे मी, पुस्तकात डोकं घातलेली. साडी बदलायची तर बाबांनी बाहेर ओट्यावर जाऊन बसायचं, आणि पावसात बाबांना बाहेर बसवायचं कसं, म्हणून ती मोरीत उकिडवी बसून साडी नेसायची. दार सतत उघडं, तरी तिला जायला जागा नव्हती. सार्वजनिक नळ आणि खोली, खोली आणि नळ. दादाची पत्रं बाबांच्या नावाने यायची, मी मोठ्याने वाचायची. शेवटी एक ओळ असायची, "सुनंदाला तब्येत सांभाळायला सांगणे." वहिनी सातवी शिकलेली, पत्र तिलाही वाचता आलं असतं. पण ते तिच्या हातात देणं कोणाला सुचलं नाही. ती ओळ आली की ती स्टोव्हकडे तोंड फिरवायची.

वर्षाने दादा दोन महिन्यांच्या सुट्टीवर आला. हिरवी ट्रंक, कॅन्टीनचा साबण, आणि खिशात आम्ही कधी एकत्र पाहिली नव्हती एवढी रक्कम. बाबांनी विचारलं, "ह्ये कसले रं पैसे?" दादा म्हणाला, "सुट्टीचा पगार घेऊन आलोय." बस्स. त्या एका वाक्यावर आमचं घर पुढचं वर्ष-दीड वर्ष नाचलं. बाबांनी हिशेब केला: दोन महिन्यांची सुट्टी, हा दोन महिन्यांचा पगार, म्हणजे निम्मा केला की महिन्याचा. चाळीतही हाच हिशेब झाला. शेजारीण म्हणाली, "फौजीची आई, आता आमच्याशी बोलाल का?" तेव्हा शेजारच्या नवघरला शेतं बुजवून बिल्डिंगी उभ्या राहत होत्या. एका बिल्डरचा माणूस चहा प्यायला येऊन बसला. "चाचा, फौजी का घर है, हप्ते की क्या चिंता!" एक खोली आणि किचन. बाबांनी त्या निम्म्या केलेल्या आकड्यावर हप्ता कबूल केला. दादा शेजारी बसला होता, गप्प. वडिलांच्या तोंडावर बोलायची आमच्यात पद्धत नाही हे एक. दुसरं म्हणजे त्यालाही आपला पगार माहीत नव्हता. पलटणीतल्या क्लार्कला ते बाबूजी म्हणतात; तो म्हणायचा, "बाबूजी देतील तेवढे आपले."

सुट्टी संपली, दादा गेला आणि मनिऑर्डर रोडावली. हप्ता आणि भाडं यांच्यामध्ये आम्ही चेंगरलो. बाबा म्हणायचे, पोरगं बिघडलं, दारू प्यायला लागलं. वहिनीने कारखान्यातून चमचे पुसून कागदात गुंडाळायचं काम घरी आणलं. पोतंभर चमचे यायचे, गुंडाळून पोतंभर जायचे, आणि खोलीत पाय ठेवायला जी काय जागा होती तीही गेली. त्यात बायकांची कुजबुज... लग्नाला दोन वर्षं झाली, तिसरं लागलं, सून अजून कोरडीच.

मी तेव्हा बी.कॉम.च्या दुसऱ्या वर्षाला. आमच्या सात पिढ्यांत कॉलेजची पायरी चढलेली मी पहिली, आणि मला त्याचा गर्व होता, आजही आहे. दुसऱ्यांची नफा-तोट्याची पत्रकं मी वर्गात जुळवत होते आणि आमच्या घरातला एक पगार कोणाला कळत नव्हता. मी दादाला लिहिलं, तुझ्या हिशेबाचे जे काही कागद असतील ते पाठव. दर तीन महिन्यांनी त्याला एक कागद मिळायचा, तो त्याने ट्रंकेच्या तळाशी अंथरला होता, कपड्यांना गंज लागू नये म्हणून! ते घडी मोडलेले कागद आले. सगळी इंग्रजी आद्याक्षरं. मी एकेका अक्षराला प्रश्न विचारायची, तो क्लार्कला विचारून उत्तर धाडायचा. एका पत्रात त्याने लिहिलं, "बाबूजी म्हणतात, तुझ्या बहिणीला माझ्या खुर्चीवर बसव, मी सुट्टीवर जातो."

हळूहळू चित्र दिसायला लागलं. मूळ पगार आणि महागाई भत्ता हे कायमचे. चौकीचा आणि उंचीचा भत्ता जागेचा, जागा सुटली की तो सुटला. दादा आता मध्य प्रदेशातल्या एका छावणीत खाली आला होता, पण भत्ता काही महिने चुकून चालूच राहिला, आणि आता तो दर महिन्याला परत कापला जात होता. ही कपात काही काळाची होती, संपणारी. विमा कायमचा. आणि फंड... फंडाच्या नावाने कापलेले पैसे गेले, असंच दादा धरून चालला होता. ते त्याचेच होते, त्याच्याच खात्यावर साठत होते, आणि घरासाठी त्यातून काढता येत होते.

अशात दादाचं एक पत्र आलं. छावणीत कुटुंबासाठीच्या क्वार्टरच्या यादीत त्याचा नंबर लागला होता. पुढच्या महिन्यात होकार दिला नाही तर क्वार्टर खालच्या माणसाला जाणार, आणि ही पोस्टिंग संपली की तो पुन्हा जिथे बायकोला नेता येत नाही तिथे जाणार. मी वाचून थांबले. बाबा म्हणाले, "नको म्हणून लिही. हिकडं हप्ता थकलाय, दोन चुली कुठं पेटवतंस?" वहिनी चमचा पुसायची, कागदात गुंडाळायची, पुढचा घ्यायची. संध्याकाळी नळावर मात्र हंडा भरून वाहायला लागला तरी तिचं लक्ष नव्हतं. माझ्याकडे न बघता म्हणाली, "ताई, मला एकदा तरी त्यांच्यासंगं राहायचंय वो. त्यांना भाजीत मीठ किती लागतं ते पण मला ठाव नाय."

दुसऱ्या दिवशी मी बाबांसमोर जमिनीवर चमचे मांडले. बाबांना अक्षर येत नव्हतं, पण चमचा त्यांच्या हातातला. एक चमचा म्हणजे पन्नास रुपये, असं ठरवलं. आधी दादाच्या चौकीवरच्या पगाराची रास लावली. मग त्यातून तीन उचलले.

"ह्ये कुठं चालले?"

"हे बर्फाचे होते, बाबा. बर्फ सुटला, चमचे सुटले."

"आन् ह्ये दोन?"

"हे चुकून जास्त दिलेले, ते परत घेतायत. थोडे महिने. मग हे दोन पुन्हा राशीत."

मग सुट्टीवर आणलेली रक्कम मांडली. तिच्यात अर्ध्याहून जास्त चमचे वर्षभर बर्फात खर्चच न केलेले, आणि उरलेले पुढच्या दोन महिन्यांचे आगाऊ उचललेले. मी ते वेगवेगळे करत गेले आणि बाबांची मान खाली खाली जात गेली. बराच वेळ त्यांनी एक चमचा उलटा करून, त्यावरचं पॉलिश बघितलं. म्हणाले, "मी त्याला दारुडा बोललो."

मी थांबले नाही. थांबले असते तर विषय तिथेच रडारडीत संपला असता. फंडातून पैसे काढून थकलेले हप्ते भरता येतील, हे सांगितलं. क्वार्टरला भाडं नाही, दादाला मेसऐवजी कोरडा शिधा घरी मिळेल, आटा, डाळ, तेल, साखर, आणि तो एका जवानाच्या पोटाचा असला तरी वहिनीसारखं माणूस त्यात सहज जेवेल, हे सांगितलं. इकडची मनिऑर्डर कमी होईल, पण इकडे खाणारं तोंडही कमी होईल. शेवटच्या राशीत भाडं सुटत होतं, हप्ता सुटत होता, वर दीड चमचा उरत होता. अंदाजच होता तो, पण तयारीचा अंदाज होता.

आणि मग आई बोलली. "पैशाचं झालं गो तुजं. पन पानी कोन भरंल? ह्यांचं पथ्य कोन करंल? तू? तुला भाताला आधण किती ठेवायचं ते तरी म्हायत हाय?"

तेव्हा मला समजलं की आम्ही इतके दिवस पैशाचं नाव घेत होतो, आणि अडकली होती वहिनी ती तिच्या दोन हातांपायी. चमच्यांनी सुटणारी ही गाठच नव्हती. मी म्हटलं, पाणी मी भरीन, पथ्य मी करीन. आईने ते हवेतच उडवलं. "आन् जाऊन तरी काय करायचंय? आधी कूस उजवू दे. मग जा म्हनावं."

वहिनीच्या हातातला चमचा थांबला. तिने पदर नीट केला आणि ती पहिल्यांदा सासूच्या डोळ्यांत बघून बोलली. आवाज चढवला नाही.

"आई, मनिऑर्डरीनं पैसे येतात. पोर नाय येत."

शेजारच्या खोलीतला रेडिओ ऐकू यायला लागला. आणि मग बाबा हसले. हसता हसता खोकले, खोकता खोकता पुन्हा हसले, डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं. "खरा बोलली पोर! मंगल, पत्र लिही. सुरेशला बोलावून घे, म्हनावं, बायकोला घेऊन जा." आई तणतणत स्टोव्हला पंप मारायला लागली. पण त्या रात्री तिनेच स्वतःची चांगली साडी वहिनीच्या पिशवीत घातली, आणि वर बजावलं, "तिकडं थंडी असंल. मेली अंगावर घेत नाय कधी काय."

दादा चार दिवसांची सुट्टी काढून आला आणि तिला घेऊन गेला. मी पाणी भरलं, पथ्य केलं, भात कधी कच्चा केला कधी करपवला, आणि परीक्षाही दिली. खांदा अजून दुखतो. तिकडून वहिनीची पत्रं यायची, तिच्या स्वतःच्या अक्षरात, माझ्या नावावर. पहिल्या पत्रात काय असेल? "ताई, इथे दोन खोल्या आहेत. मी एका खोलीतून दुसऱ्या खोलीत जाते आणि उगाच दार लावून घेते. मग उघडते."

हे सगळं गोड झालं असं मी म्हणणार नाही. पोस्टिंग संपली, दादा पुन्हा वर गेला आणि वहिनी कडेवर पोर घेऊन गोडदेवच्या त्याच खोलीत परतली. बिल्डरने ताबा द्यायला आणखी दोन वर्षं लावली. नवघरच्या घरात गेलो तेव्हा बाबा नव्हते. तिथेही टँकरचं पाणी, तिथेही जिना चढून हंडे, आणि दादा पेन्शनवर घरी येईपर्यंत वहिनी पुन्हा वाट बघणारीच होती. तिची सुटका झाली ती तेवढ्यापुरती. पण ती पूर्वीची राहिली नव्हती. आईशी भांडायची, पोस्टमनकडे सही करायची, मिसरूड फुटलेल्या वॉचमनला हिंदीत झापायची.

परवा मी दादाकडे गेले होते. तो वहिनीच्या कॉटवर बसला होता, हात मांड्यांवर, पलटणीच्या फोटोला बसतात तसा. म्हणाला, "मंगल, तिला आमटीत मीठ जास्त लागायचं. मला कमी. क्वार्टरमध्ये ती दोन पातेल्यांत करायची." एवढं बोलून तो उठला आणि चहा ठेवायला आत गेला. साखरेचा डबा त्याला सापडेना. मी उठले नाही. त्याला शोधू दिला.

वहिनी त्या छावणीत सव्वादोन वर्षं आपल्या नवऱ्याबरोबर राहिली. त्यांचा मुलगा तिथेच जन्मला.